निव्वळ मेहंदी

सातारा, ११ जानेवारी

ज्ञानदा,

सांगलीला निघालेल्या बाबांच्या बॅगेत हा डबा ठेवते आहे. आत काय आहे ते त्यांना सांगितलेलं नाही. सांगितलं असतं तर कराड यायच्या आत त्यांनी झाकण उघडून वास घेतला असता. फोन तू उचलत नाहीस, मेसेजला निळ्या खुणा येतात आणि पुढे काही येत नाही. म्हणून कागद. कागद फाडायचा म्हटला तरी हातात घ्यावा लागतो.

दोन बाटल्या आहेत. लहान बाटलीतलं आधी, मोठीतलं नंतर. केस नुसत्या पाण्याने ओले करून टॉवेलने टिपून घे. चोळू नकोस. मग लहान बाटलीतलं थोडं थोडं बोटांवर घेऊन टोकांकडून वर ये. डावीकडे कानापाशी, जिथे पार्लरमध्ये ब्लीच करताना केस फॉइलबरोबर हातात आले, तिथे उरलेले केस ओले असताना रबरासारखे ताणले जात असतील. तिथे थोडं जास्त लाव. किती वेळ ठेवायचं ते बाटलीवर आहे. त्याहून जास्त ठेवून जास्त गुण येत नाही. मग शाम्पू, मग मोठ्या बाटलीतलं क्रीम. आणि आधी तेल लावायचं नाही. हे सांगते आहे कोण, तर जिने तुला बारावीपर्यंत दर रविवारी गुडघ्यात दाबून तेल चोपडलं ती. तेलाचा थर असला की म्हणे औषध आत शिरत नाही.

केसाच्या आत बारीक सांधे असतात, शिडीच्या पायऱ्यांसारखे. ब्लीचने ते उसवतात. हे औषध आत जाऊन ते पुन्हा धरतं. नवा केस आणत नाही. केस मुळात मेलेलाच असतो, जखमेसारखा तो आपला आपण भरून येत नाही. जे आहे ते आणखी तुटू नये, एवढीच याच्याकडून अपेक्षा. मी या विषयावर इतकं वाचलं आहे की दहावीच्या वर्गात कार्बनची संयुगं शिकवताना तोंडातून केराटिन निघालं आणि मागच्या बाकावरची एक म्हणाली, "बाई, ते माझ्या वहिनीने केलंय."

डबा बांधताना तात्याआजोबांनी त्यावरचं नाव वाचलं. "बॉण्ड? पोस्टातले का गं? किती वर्षांत दुप्पट?"

"केसांचे आहेत, तात्या."

"मग मला आधी द्यायचेस. माझी मुदत संपत आली."

तू इथे असतीस तर हसली असतीस.

एक तारखेला जे झालं त्यात माझी चूक एवढीच, की वाईच्या त्या स्थळाने पुन्हा फोटो मागितल्यावर मी दिवाळीतला, लांब केसांचा पाठवू या असं म्हटलं. तू विचारलंस, "आत्ताची मी तुला दाखवण्यासारखी वाटत नाही का?" आणि मी वेळेवर "असं नाही" म्हटलं नाही. मी खरंच विचार करत होते. विचार करत बसणं हेच उत्तर झालं. तू बॅग भरलीस.

वर "एवढीच" लिहिलं आहे ते खोडायला हवं. शाईने लिहिते आहे, राहू दे.

औषध लाव.

आई


सातारा, २५ जानेवारी

ज्ञानदा,

बाबा सांगलीहून आले आणि म्हणाले, "मऊ वाटतायत म्हणाली." मी तेच तीन-चारदा विचारलं तेव्हा वैतागले. "अगं, मऊ म्हणजे मऊ! तिने काय माझा हात डोक्यावर ठेवून दाखवला नाही."

मीही लावते आहे, माझ्या टोकांना. तुला पाठवायच्या आधी स्वतः वापरून पाहायला हवं होतं, ते नंतर सुचलं. कंगवा सुळकन जातो हे खरं. पण तो औषधाचा गुण की वरच्या क्रीमचा, हे मला सांगता येत नाही. मऊ आणि मजबूत यांत फरक आहे. मऊ तर भिजलेली पोळीही असते. म्हणून तू सुकल्यावर एखादा केस दोन बोटांत धरून हलका ओढून बघ. थोडा ताणून परत आला तर ठीक. ताणला आणि तसाच राहिला तर अजून सांधा धरलेला नाही. लावत राहा.

बाबा असंही म्हणाले की उरलेले केस एकसारखे दिसावेत म्हणून तू दुसरीकडे रंग करून घ्यायच्या विचारात आहेस. करू नकोस. का ते विचारू नकोस, फक्त करू नकोस. निदान जुने केस कापून पूर्ण जाईपर्यंत कुणालाही त्यावर काही लावू देऊ नकोस.

गुरुवारी मी सांगलीत होते. आमच्या शाळेतल्या बाईंच्या मुलीचं लग्न होतं. तुला कळवलं नाही, कारण कळवल्यावर तू न भेटण्यापेक्षा न कळवता न भेटलेलं सोसवतं. येताना त्या पार्लरमध्ये गेले. रस्त्यातच होतं. (रस्त्यात नव्हतं. कार्यालय मिरजेच्या बाजूला होतं.) मी कोण ते सांगितलं नाही. गिऱ्हाईक म्हणून बसले आणि टोकं कापून घेतली. ती सोनिया मला वाटलं होतं त्याहून लहान आहे, तुझ्याहून चार-पाच वर्षांनी मोठी असेल. हात स्वच्छ, कात्री चांगली चालते. आरशाभोवती दिव्यांची गोल चकती लावली आहे आणि गिऱ्हाईक उठलं की आधी फोनवर त्याचा व्हिडिओ घेते. माझा घेऊ दिला नाही. कोपऱ्यातल्या खुर्चीवर तिची आई बसली होती, हरणाबाई. नऊवारी, नाकात मोठी नथ, हातात चहाचा कप. काय बोलणं झालं ते लिहीत नाही. केसांचं नेहमीचंच.

एक विचारते. तू तिच्याबद्दल नेटवर जे लिहिलं आहेस, फोटोसकट, ते काही दिवस काढून ठेवता येईल का? तिची दया आली म्हणून नव्हे. दुसरी बाजूही असू शकते, एवढंच मनात आहे.

आई


सातारा, ८ फेब्रुवारी

ज्ञानदा,

आज सरळ लिहिते. दिवाळीत तुला लावलेली मेहंदी निव्वळ नव्हती.

वाईचे लोक बघायला यायचे होते. तुझ्या कानशिलांवर पांढरे दिसत होते, माझ्यासारखेच लवकर आलेले. तू म्हणालीस, "राहू देत ना आई, पांढरे तर पांढरे." मग माझं तोंड पाहून म्हणालीस, "बरं, पण फक्त मेहंदी. रंग नाही, केमिकल नाही." मी म्हटलं, "निव्वळ मेहंदी. आवळा, माका, चहाचं पाणी आणि लोखंडी कढई." तुझ्यासमोरच कालवली. निव्वळ मेहंदीने पांढरा केस तांबडा होतो हे मला माहीत होतं, आणि तांबडे केस म्हणजे पांढरे लपवले आहेत अशी जाहिरातच. तू आंघोळीला गेलीस तेव्हा मी कढईत काळ्या मेहंदीच्या दोन पुड्या फोडल्या. मी स्वतःला कितीतरी वर्षं लावते त्याच. माझे केस चांगले आहेत असं सगळे म्हणतात ते त्यांच्यामुळे. धुतल्यावर तू आरशात बघून म्हणालीस, "अरे वा, कढईने काळे झाले की!" मी म्हटलं, "जुन्या बायका उगीच नाही सांगत."

डिसेंबरात त्या पार्लरमधून तुझा फोन आला. "आई, फॉइल इतकी तापली की हात लावता येईना, आणि उघडली तर केस तिच्यातच." माझं बी.एस्सी. रसायनशास्त्रात झालं आहे. ब्लीच आपला आपण इतका तापत नाही. केसात धातूचे क्षार असले तर तापतो, आणि तसल्या काळ्या मेहंदीत ते असतात. तू बोलत होतीस तेव्हाच पुड्या डोळ्यांपुढे आल्या. मी तो विचार बाजूला ठेवला. कसा, ते मला अजून नीट आठवत नाही. म्हणजे आठवतं. मी लगेच तिच्यावर चिडले. चिडल्यावर दुसरं काही ऐकू येत नाही.

तू लिहिलेलं मला दाखवलंस तेव्हा त्यात होतं, "माझा अनुभव फार वाईट आहे, फोटो बघा." मी म्हटलं, हे मिळमिळीत झालं. "अशा अर्धवट शिकलेल्यांच्या हाती आपलं डोकं देऊ नका" हे वाक्य मी घातलं. लोकांनी तेवढंच उचललं.

आता त्या गुरुवारचं. खुर्चीत बसल्यावर सोनियाने माझे केस हातात घेतले, मुळांपासून टोकांपर्यंत बोटं फिरवली आणि म्हणाली, "मावशी, काळी मेहंदी लावताय न्हवं?"

मी म्हटलं, "नाही गं. घरचीच. निव्वळ."

हरणाबाई कोपऱ्यातून म्हणाल्या, "निव्वळ म्हनू नगा बाई. त्या शब्दानं आमच्या पोरीचं वाटुळं केलंया."

"आये, गप की."

"का गप? सांग की त्यास्नी. येनारी परत्येक बाई आदी आत डोकावती आन् मग इचारती, केस जाळत्यात ती हीच का म्हनून."

मग सोनियाने सांगितलं. "एक पोरगी आली होती, मावशी. शिकलेली, चांगली बोलणारी. मी तिला दोनदा विचारलं, डोक्याला काय लावलंय. ती म्हणाली, आईनं घरची मेहंदी लावलीय, निव्वळ, माझ्यासमोर कालवलीय. आईनं म्हटल्यावर मी काय बोलणार? एक बट आधी तपासून बघायला पाहिजे होती, ती माझी चूक. पण कुठल्यातरी लग्नाला जायची घाई होती तिला, आणि गिऱ्हाईकांची मला बी." कात्री चालूच होती. "नेटवर तिनं लय लिहिलं. फोटो टाकला त्याचं काय न्हाई, फोटो खराच हाय. एक वाक्य लागलं. चार नवऱ्यांनी... म्हंजे नवऱ्या मुलींनी मेकअप कॅन्सल केले माझे."

"नवऱ्यांनी क्येलं असतं तर बरं हुतं," हरणाबाई म्हणाल्या. सोनिया हसली. मीही हसले, ज्ञानदा. त्या खुर्चीत बसून, गळ्याशी तिचा कपडा बांधलेला, मी हसले आणि काही बोलले नाही.

एक बट तपासायला हवी होती हे तिनेच कबूल केलं, त्या वाक्याला धरून मी एसटीत बसले. उंब्रजपर्यंत ते पुरलं. पुढे पुरलं नाही.

मग वाटलं, निदान खात्री करावी. पुड्या नसतील, दुसरंच काही असेल. कढईच असेल. कढईवर गेलं तर फार बरं होईल, असं मी खरोखर मनात म्हटलं. दुकानातून ब्लीचची पूड आणि त्याचं पाणी आणलं. मानेजवळची माझी एक बट कापली. पण तुलनेला, ज्याला कधीच काही लागलेलं नाही असा केसही हवा. तात्याआजोबांकडे गेले.

"तात्या, थोडे केस द्या मागचे."

"कशाला? भानामती करतेस का?"

"प्रयोग आहे."

"हे बघ, जेवढे आहेत ते सगळे मला नावानिशी माहीत आहेत. एक कमी झाला तरी कळेल." पण दिले.

दोन काचेच्या वाट्या घेतल्या. तात्यांचे केस पिवळट झाले आणि तसेच राहिले, ओढले तरी तुटले नाहीत. माझी बट फसफसली. वाटी बाहेरून इतकी गरम झाली की ओट्यावरून उचलताना फडकं घ्यावं लागलं. जळका वास सुटला. धुवायला घेतली तर शिजलेल्या शेवयांसारखी बोटांतून लोळत खाली गेली. उरल्यासुरल्या भागाला तुला पाठवलं तेच औषध लावून पाहिलं, अगदी बाटलीवर लिहिल्याप्रमाणे. एक दिवस धरल्यासारखं झालं. दुसऱ्या दिवशी कंगव्यात सगळं आलं. उसवलेलं ते धरू शकत असेल. विरघळलेलं नाही.

म्हणून तुला म्हटलं, रंग करू नकोस. तुझ्या जुन्या केसांत ते क्षार अजून आहेत. पुन्हा ब्लीच लागला तर पुन्हा तेच होईल. हे कारण गेल्या पत्रात लिहायला हवं होतं.

सोनियाची चूक होती ती तिने अनोळखी बाईसमोर कबूल केली. माझी मी तुझ्यासमोर आज करते आहे.

आई


सातारा, ८ मार्च

ज्ञानदा,

सोबतचं पत्र आठ फेब्रुवारीचं आहे. तारीख बदललेली नाही. आधी ते वाच. आणि सोमवारी रंगाला जाऊ नकोस. मग हे वाच.

ते पत्र मी लिहिलं, घडी घातली आणि बाबांच्या बॅगेत ठेवलं नाही. पर्समध्ये ठेवलं. बाबा गेले. पंधरा दिवसांनी पुन्हा गेले. पत्र पर्समध्येच. तुला माहीत आहे, मी लहानपणापासून रोज काही ना काही लिहिते. त्यामुळे मला एक खोड लागली आहे, ती मला आत्ता दिसली. लिहिलं की मला सांगितल्यासारखंच वाटतं. आठ तारखेला पत्र लिहून झाल्यावर मी चांगली झोपले. किती प्रामाणिक लिहिलं आहे असंही मनात येऊन गेलं. तुझ्यापर्यंत काही पोचलेलं नव्हतं, सोनियापर्यंत तर नाहीच, आणि मी मोकळी होऊन शाळेत प्रयोगवह्या तपासत होते.

बावीस तारखेला बाबा परत आले तेव्हा चपला काढता काढता म्हणाले, "ते ज्ञानदाचं पार्लर होतं ना, त्याला कुलूप. मोमोचा बोर्ड लागतोय तिथे."

"ती मुलगी कुठे गेली?"

"मला काय माहीत? पलूसची होती म्हणे, गेली असेल माहेरी. बरं झालं, आणखी कुणाचे केस वाचले."

बाबांना काही माहीत नाही. मी "हो" म्हटलं आणि पोळ्या लाटल्या. ते पत्र मी लिहिलं त्याच दिवशी दिलं असतं, आणि तू ते नेटवरचं काढलं असतंस, तर ती जागा टिकली असती का? सांगता येत नाही. कदाचित आधीच उशीर झाला असेल. पण कदाचितच्या आड किती वेळ उभं राहायचं?

आणि हे सगळ्यात वाईट. कुलूप ऐकल्यावरही पत्र पर्समधून निघालं नाही. काल बाबा म्हणाले, ज्ञानदाने सोमवारची वेळ घेतलीय रंगाला. तेव्हा निघालं. सोनियाचं दुकान गेलं ते मला ऐकवलं. तुझं डोकं पुन्हा भाजेल ते ऐकवलं नाही. आई म्हणून हे समजण्यासारखं आहे असं कुणीही म्हणेल. म्हणूनच ते लिहून ठेवते आहे.

तुला औषधाच्या बाटल्या पाठवत होते, त्यासुद्धा तशाच. दुखणं कशाचं ते लपवायचं आणि मलम मात्र बाटलीवर लिहिल्याप्रमाणे.

बाबांना मी आज सगळं सांगितलं आहे. ऐकून त्यांनी बॅगेची चेन दोनदा लावली.

आई


पलूस, १५ मार्च

ज्ञानदा,

पलूसच्या स्टँडवर बसून हे लिहिते आहे. रविवारी तू फोन केलास. किती दिवसांनी तुझा आवाज ऐकला, आणि तू दोनच गोष्टी बोललीस. पहिली, "आई, माझं डोकं होतं ते." केसांबद्दल इतकं लिहिलं, क्षारांबद्दल, सांध्यांबद्दल, आणि हे एक वाक्य माझ्या एकाही पत्रात नव्हतं. दुसरी, "नेटवरचं मी काढते. पण तिला सांगितलंस का?" मी म्हटलं, पत्र लिहिते. तू म्हणालीस, "पत्र नको. जा."

म्हणून आले. घर सापडायला त्रास झाला नाही. "मेकअपवाली सोनिया" म्हटल्यावर पोरांनी दारात आणून सोडलं. हरणाबाई ओसरीवर लसूण सोलत होत्या. त्यांनी ओळखलं.

"या की बाई. हितं कुटं? केस कापाया एवढं लांब?"

सोनिया आतून आली. मी उभ्यानेच सांगितलं. बसले असते तर पाणी आलं असतं, चहा आला असता, आणि मग बोलता आलं नसतं. "त्या मुलीची आई मी आहे. मेहंदी निव्वळ नव्हती. ते वाक्यही माझं आहे. आणि त्या दिवशी तुझ्या खुर्चीत बसून मी तुला खोटं सांगितलं."

हरणाबाईंचे हात थांबले होते. मग सोनिया म्हणाली, "ते वाक्य तुमचं?"

"हो."

"मी बी.ए. हाय, मावशी. मराठी घेऊन. ते वाक्य वाचलं तवाच मला वाटलं, लिहिणारीला भाषा चांगली येती." मग आवाज चढला. "तुमी खुर्चीत बसला होता! मी तुमचे केस हातात धरले होते. तवा एक शब्द बोलला असता तर मी त्याच दिवशी तुमाला बसल्या जागी शूट करून टाकलं असतं. माझी जागा ऱ्हायली असती."

मी हो म्हटलं. माफ कर असं म्हटलं नाही, ते तिच्याकडून मागून घेतल्यासारखं झालं असतं. ज्ञानदाने नेटवरचं काढलं आहे, एवढं सांगितलं.

"काढलं म्हणून काय झालं? लिहिलेलं समद्यांनी बघितलं. काढलेलं कुणाला दिसत न्हाई."

हरणाबाई म्हणाल्या, "आन् त्या पोरीचं केस? आलं का न्हाई?"

"येतायत. बोटभर आलेत, असं तिचे बाबा म्हणाले."

"येनारच. आमी मेंढरं कातरतो, तवा ती बी लाजून एकमेकीच्या आड हुबी ऱ्हात्यात. चार म्हैन्यात पुन्ना लोकर." मग सोनियाकडे बोट करून म्हणाल्या, "हिची लोकर कवा याची ते सांगा."

सोनियाने फोन काढला. दिव्याची चकती एका खोक्यात बांधलेली होती, ती सोडून भिंतीला टेकवली. "हितंच बोला, मावशी. तोंड दिसलं पाहिजे. नाव, गाव, समदं." मी पदर सारखा केला आणि बोलले. काळ्या मेहंदीतील धातूंचे क्षार, ब्लीचमधील पेरॉक्साइड, त्यांच्यातील अभिक्रियेत बाहेर पडणारी उष्णता. तिने मधेच थांबवलं.

"शाळा नगं, मावशी. तुमी काय केलं ते सांगा."

दुसऱ्यांदाही "मेहंदीत पुड्या मिसळल्या गेल्या" असं म्हटलं. ती म्हणाली, "कुणाकडून गेल्या?" हरणाबाई हसल्या. तिसऱ्यांदा बोलले ते असं: माझं नाव शरयू. मी साताऱ्याला शाळेत विज्ञान शिकवते. माझ्या मुलीच्या डोक्याला मी तिला न सांगता काळी मेहंदी लावली आणि निव्वळ आहे असं सांगितलं. म्हणून तिचे केस जळले. सोनियाने तिला दोनदा विचारलं होतं. खोटं मी बोलले होते. त्यानंतर सोनियाला वाईट ठरवणारं वाक्यही मीच लिहिलं. बस, एवढंच.

सोनियाने ते पुन्हा लावून पाहिलं. "हे बरं हाय," म्हणाली. मला माफ केलंय असं तिच्या तोंडावर काही दिसलं नाही, आणि तसं मी समजतही नाही. पुढच्या महिन्यात इथे लग्नं आहेत, तिला तो व्हिडिओ लगेच टाकायचा होता. अंगठा बटणावर गेला तेव्हा मी थांब म्हटलं.

तिला वाटलं, मी फिरले. "भ्याला का? शाळेत बघतील म्हणून?"

शाळेत बघतील. वाईचे लोक बघतील. मला भीती वाटते, नाही असं नाही. पण थांब म्हटलं ते त्यासाठी नव्हे. मी तिला म्हटलं, "ज्ञानदाला विचारलं पाहिजे."

हरणाबाई म्हणाल्या, "आता इचारती व्हय, बाई!"

व्हिडिओत तुझं नाव मी घेतलेलं नाही. पण माझ्या मुलीचं डोकं म्हटलं आहे, आणि ज्याला कळायचं त्याला कळेल. पत्र नको म्हणाली होतीस, तरी हे लिहिलं, कारण समोर उभं राहून विचारलं तर तू माझ्या तोंडाकडे बघशील. माझ्या तोंडाकडे बघून तू नको त्या गोष्टीला हो म्हणतेस. आज तसं नको. इथून सांगलीला येऊन हा कागद तुझ्या घरमालकीणबाईंच्या हातात देते आणि मी खाली रस्त्यावर थांबते. वर येत नाही. नको म्हणालीस तर उद्या इथे परत येऊन सोनियाला तसं सांगेन. ती चिडेल, तिचं चिडणं रास्त असेल, ते माझं मी बघेन. तिची कीव येऊन हो म्हणू नकोस, आणि मला धडा मिळावा म्हणूनही नको.

सोनिया आजचा दिवस थांबते म्हणाली आहे.

टाकू दे का तिला?

आई